शिवाजी गणेशन यांचे राष्ट्रीयत्व पडद्यावर जिंकले, मग निवडणुकीत का हरले?

मूळ धागा

तमिळ अभिनेते व्ही. सी. गणेशन यांना ‘शिवाजी’ हे नाव मिळाले ते द्रविड चळवळीतले नेते अण्णादुराई यांच्या एका नाटकामुळे. १९४६ च्या सुमारास त्यांनी त्यात छत्रपती शिवाजी महाराजांची भूमिका केली आणि चळवळीचे प्रणेते पेरियार यांनी त्यांना तेच नाव बहाल केले. राज्याभिषेकाला झालेला ब्राह्मणी विरोध हा त्या नाटकाचा गाभा असल्यामुळे, आपल्याला स्वराज्याचे वाटणारे हे नाव तिकडे ब्राह्मणी वर्चस्वाविरुद्धच्या द्रविड चळवळीच्या मांडवात ठेवले गेले. पुढे गणेशन तिरुपतीला जाऊन आले म्हणून देव न मानणाऱ्या चळवळीतल्यांनी त्यांची हेटाळणी केली आणि ते तमिळनाडूतले काँग्रेस नेते कामराज यांच्या पक्षाकडे वळले.

‘वीरपांडिय कट्टबोम्मन’ (१९५९) आणि ‘कप्पलोट्टिय तमिळन’ (१९६१) हे त्यांचे चित्रपट अण्णादुराईंच्या द्रमुक पक्षाने दक्षिणेतल्या वेगळ्या देशाची, म्हणजे द्रविडनाडूची, मागणी अजून सोडलेली नसताना आले. इंग्रजांशी झुंजलेल्या दोन तमिळ पुरुषांना देशाच्या लढ्यात उभे करून त्यांनी जे साधले, ते काँग्रेसच्या प्रचारसभांना साधले नसते, असे माझे मत आहे. मात्र पुढे मुख्यमंत्री झालेले नट एम. जी. रामचंद्रन (एमजीआर) प्रत्येक भूमिकेत एमजीआरच राहिले, तर गणेशन भूमिकेत विरघळून गेले. प्रेक्षक कट्टबोम्मनला नमस्कार करून घरी गेला. त्या नमस्काराचे मत झाले नाही.

प्रतिसाद १

‘विरघळणे’ हे कारण सुंदर आहे, पण सोयीचे आहे. १९६७ मध्ये विरुदुनगरला खुद्द कामराज पडले, तिथे एखाद्या नटाच्या अभिनयशैलीला किती दोष द्यायचा? १९७५ मध्ये कामराज गेल्यावर गणेशन इंदिरा गांधींच्या काँग्रेसमध्ये गेले, १९८२ मध्ये राज्यसभेवर आले, १९८८ मध्ये स्वतःचा पक्ष काढून एमजीआर यांच्या पत्नी जानकी यांच्या गटाशी त्यांनी हातमिळवणी केली, १९८९ मध्ये तिरुवैयारूला स्वतः हरले आणि मग जनता दलात गेले. याउलट एमजीआर १९५३ पासून द्रमुकमध्ये होते आणि त्यांचे चाहते मंडळांतून थेट पक्षाच्या कामाला जुंपलेले होते. गणेशन यांनाही चाहते कमी नव्हते, परंतु त्या चाहत्यांना कोणत्या झेंड्याखाली उभे राहायचे हेच दर काही वर्षांनी नव्याने सांगावे लागत होते.

प्रतिसाद २

मला मुळात ‘राष्ट्रीय’ या शब्दावरच आक्षेप आहे. पांचालंकुरिचीचा कट्टबोम्मन हा पाळैयक्कारर, म्हणजे आपल्याकडच्या पाळेगारासारखा सरदार होता. त्याचे ईस्ट इंडिया कंपनीशी वाजले ते वसुलीवरून आणि १७९९ मध्ये कयत्तारला त्याला फाशी दिले गेले. चित्रपटातला कंपनीचा कलेक्टर जॅक्सन याच्यासमोरचा प्रसंग आठवा. पाऊस आभाळ पाडते, पीक जमीन देते, मग तुला ‘किस्ती’ (सारा) कशासाठी द्यायची, असे विचारत गणेशन आवाज पायरीपायरीने चढवत नेतात. (शब्द आपल्याच दप्तरातल्या किस्तीचा, म्हणून तमिळ न कळताही तो कानाला अडतो.) वसुलीला नकार देणाऱ्या सरदाराच्या तोंडी १९५९ च्या प्रेक्षकासाठी स्वातंत्र्य घातले गेले. त्या संवादावर द्रमुकचा प्रेक्षकही तितक्याच जोराने टाळ्या पिटत असेल, तर तो भारतीय राष्ट्रवाद कसा?

धागाकर्ता

कट्टबोम्मनच्या इतिहासाबद्दलचा आक्षेप मान्य. तरी केवळ टाळ्याच हव्या असत्या, तर गणेशन यांनी कयत्तारला स्वतः जागा विकत घेऊन त्याचा पुतळा उभारला नसता आणि लगेच ‘कप्पलोट्टिय तमिळन’मधली चिदंबरम पिळ्ळै यांची भूमिकाही स्वीकारली नसती. पिळ्ळै यांच्याकडे ना तलवार, ना गड. १९०६ मध्ये तुतिकोरिनहून कोलंबोपर्यंत स्वदेशी जहाजे चालवण्यासाठी कंपनी काढणारा हा वकील पुढे तुरुंगात बैलाच्या जागी घाण्याला जुंपला गेला. त्या दृश्यात गणेशन यांचा तो गाजलेला आवाज जवळजवळ नाहीच. वाकलेली पाठ आणि फिरणारा घाणा आहे. हे काम पक्षासाठी केलेले वाटत नाही.

प्रतिसाद १

तिकीटबारीवर तो चित्रपट चालला नाही, हेही लिहा. म्हणजे प्रेक्षकाने गर्जणारा कट्टबोम्मन डोक्यावर घेतला आणि घाण्याला जुंपलेल्या पिळ्ळैंकडे पाठ फिरवली. तुमच्या सिद्धान्ताप्रमाणे गणेशन दोन्हीकडे सारखेच विरघळले होते. निवड प्रेक्षकाने केली होती, आणि ती १९६१ मध्येच दिसली होती.