दुरुस्ती 'रिलेट बॅक' होते, हे मराठीत कसं लिहायचं?

अनुवादिका: एका दिवाणी निकालाचा अनुवाद करतेय. दाव्यातली दुरुस्ती मंजूर झाली की ती दावा दाखल झाल्याच्या तारखेला 'रिलेट बॅक' होते, असं वाक्य आहे. मी लिहिलं, 'दुरुस्तीस पूर्वलक्षी प्रभाव राहील'. तपासणाऱ्या वकिलांनी खोडलं. म्हणे पूर्वलक्षी कायदा असतो, दुरुस्ती नव्हे.

जुनी बखर: मग 'भूतलक्षी' लिहा.

तारीख पे तारीख: ते वाचून पक्षकार आधी मांत्रिक गाठेल! वकीलसाहेबांचं बरोबर आहे. इथे एवढंच, की मजकूर पहिल्या दिवसापासून दाव्यात होता असं समजायचं. आम्ही म्हणतो, 'दुरुस्ती दाव्याच्या तारखेपासून धरली जाते'. मुदतीचा सगळा खेळ यावरच. करारपूर्तीचा, म्हणजे समोरच्याने करार पाळावा असा दावा लावायला मुदत ३ वर्षं. नुसता मनाईहुकूम मागून बसलात आणि मुदत उलटल्यावर करारपूर्ती आठवली, तर मूळ तारीख मिळाली तरच जीव वाचतो. मिळेलच असं नाही. हकिकत आधीच लिहिलेली असेल नि फक्त मागणी वाढवायची असेल तर कोर्ट देतं. मुदत गेलेला नवाच हक्क घुसवायचा असेल तर सहसा नाही.

अनुवादिका: 'धरली जाते' आवडलं. पण माझ्या निकालात पुढे संपत कुमार वि. अय्याकन्नू (२००२) आहे. १९८८चा मनाईचा दावा, १९९९मध्ये मालकी आणि ताब्यासाठी दुरुस्ती अर्ज. सर्वोच्च न्यायालयाने दुरुस्ती दिली, पण ती अर्जाच्या तारखेपासून धरायला सांगितली. म्हणजे 'रिलेट बॅक' सरसकट नाही. दोन्हीकडे 'धरली' आलं तर फरक कसा दिसणार?

तारीख पे तारीख: तारीख लिहाल ना पुढे? दिसेल की.

शुद्धलेखक: मुळात दुरुस्ती फारसी; मुदत, दावा, दाखल, तारीख अरबी. 'विशोधन' आणि 'परिसीमा' असताना ही उसनवारी कशाला?

जुनी बखर: परिसीमा अधिनियम हिंदीवाल्यांचा, अहो. मराठीत मूर्खपणाची परिसीमा होते, दाव्याची मुदत जाते.

शुद्धलेखक: टोमणा कळला. उद्या 'न्यायालय'ही काढा.

निवृत्त शिरस्तेदार: आमच्या कोर्टात हुकूम झाला की दुरुस्ती लाल शाईने मूळ दाव्यात उतरवायची. हुकमात मुदत नसेल तर १४ दिवसांत. कित्येक वकील अर्ज जिंकून उतरवायलाच विसरत! तेव्हा 'दाव्यात उतरवलेली दुरुस्ती' असं लिहा, शब्दाला वजन येतं. आणि नवा प्रतिवादी घातला तर हा हिशेब चालत नाही. मुदतीच्या कायद्याचं कलम २१: त्याच्यापुरता दावा त्याला सामील केलं त्या दिवशी लागला असं धरतात. सद्भावनेने झालेली चूक असेल तर कोर्ट आधीची तारीख देऊ शकतं.

अनुवादिका: काका, 'लागला'? मी तर 'दाखल झाला' लिहितेय.

निवृत्त शिरस्तेदार: दावा लावतात. दाखल कागद होतात.

तारीख पे तारीख: आमच्याकडे दावा ठोकतात.

शुद्धलेखक: आणि आमच्या गावात 'केस टाकली' म्हणतात. टाकायला ती कचरा आहे का?

जुनी बखर: टाका तिथे फिर्याद. आजोबा दिवाणीलाही फिर्यादच म्हणायचे.

निवृत्त शिरस्तेदार: फिर्याद फौजदारी. आजोबांना सांगा.