मदत हवी आहे: स्मोक्ड हॅम घातलेले दक्षिणी पद्धतीचे पांढरे बीन्स एकसारखे शिजत नाहीत आणि रस्सा दाट होत नाही

डोंगरवाट (मध्य टेनेसी)

नमस्कार. आम्ही अमेरिकेच्या दक्षिण भागात, मध्य टेनेसीत, नॅशव्हिलपासून तासाभराच्या अंतरावर, गावाबाहेरच्या वस्तीत राहतो. या भागात ‘मीट अँड थ्री’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या खानावळी आहेत. तिथे दुपारच्या जेवणाला मांसाचा एक पदार्थ आणि त्याच्या जोडीला त्या दिवशीच्या यादीतले तीन पदार्थ निवडायचे असतात. (मॅकरोनी-चीजसुद्धा या यादीत भाज्यांच्या रांगेत असते, त्यावर वाद घालणे मी सोडून दिले आहे.) या यादीत पांढरे बीन्स बहुधा असतातच आणि मला ते फार आवडतात. मसाला जवळजवळ नाही, रंग फिकट, दिसायला अगदी साधा पदार्थ. पण दाणा जिभेने टाळूवर दाबला तरी विरघळतो, आणि रस्सा असा दाट व किंचित चिकट असतो की चमच्याच्या पाठीवर टिकून राहतो. सोबत कॉर्नब्रेडचा तुकडा आणि बारीक चिरलेला कच्चा कांदा. आपण आमटीत भाकरी कुस्करतो, तसा इथले लोक हा मक्याचा ब्रेड थेट बीन्समध्ये कुस्करतात.

घरी मात्र हा पदार्थ तसा होत नाही. माझी सध्याची कृती अशी आहे. एक पौंड, म्हणजे सुमारे ४५० ग्रॅम, ग्रेट नॉर्दर्न जातीचे सुके बीन्स रात्रभर साध्या पाण्यात भिजवते. सकाळी ते पाणी टाकून बीन्स जाड बुडाच्या पातेल्यात घालते आणि त्यातच दोन स्मोक्ड हॅम हॉक, अख्खा सोललेला कांदा, लसूण, तमालपत्र व मिरी घालून ताज्या पाण्यात मंद आचेवर ठेवते. हॉक म्हणजे डुकराच्या पायाचा खुराच्या वरचा, सांध्याकडचा भाग. त्यात हाड, कातडी आणि स्नायुबंधच जास्त, मांस थोडे.

माझ्या अडचणी तीन आहेत. पहिली, त्याच पातेल्यातले काही दाणे फुटून गिचका होतात, तर काही शेवटपर्यंत गणंगच राहतात आणि त्यांची साल दाताखाली वेगळी लागते. दुसरी, दाणे शिजेपर्यंत थांबले तरी हॉकवरचे मांस हाडाला घट्ट चिकटलेले असते आणि रस्सा पातळ राहतो. तिसरी, मी वरून चिमूटभर मीठ घातले तरी पदार्थ खारट होतो. पीठ किंवा साय घालून रस्सा दाट करण्याची माझी इच्छा नाही, कारण खानावळीतल्या रश्शात त्यातले काही नसते हे मी विचारून घेतले आहे. याशिवाय घरी येणाऱ्या काही पाहुण्यांना डुकराचे मांस चालत नाही. त्यांच्यासाठी काय करावे, हेही कोणी सांगितले तर बरे होईल.

रानमोगरा (उत्तर कॅरोलायना)

तुमच्या दुसऱ्या अडचणीपासून सुरुवात करते, कारण तिचे उत्तर सोपे आहे. हॉक आणि बीन्स एकाच वेळी पातेल्यात घालू नयेत. भिजलेल्या बीन्सना मंद आचेवर तास-दीड तास पुरतो. हॉकमधली कातडी आणि स्नायुबंध मऊ व्हायला अडीच-तीन तास लागतात. रश्श्याला जो किंचित चिकटपणा हवा आहे, तो याच भागांतल्या कोलॅजेनचे जिलेटिन झाल्यावर येतो, आणि ते घाईने होत नाही. त्यामुळे आधी दोन-अडीच लिटर पाण्यात नुसते हॉक, कांदा आणि तमालपत्र घालून झाकण किंचित सरकवून दीड तास बारीक आचेवर ठेवा. पाणी खळाखळा उकळू नये, कडेला बारीक बुडबुडे येत राहावेत. त्यानंतरच बीन्स घाला. ते शिजेपर्यंत मांस हाडापासून आपोआप सुटलेले असेल; मग हॉक बाहेर काढून जाड कातडी व चरबी टाका, मांसाचे धागे करून परत रश्श्यात सोडा.

खारटपणाबद्दल एक विचारायचे आहे: तुमच्या पाकिटावर नेमके काय लिहिले आहे? बहुतेक स्मोक्ड हॉक धुरी देण्याआधी मिठाच्या पाण्यात मुरवलेले असतात, आणि ते मीठ रश्श्यात उतरते. तुम्ही कधी कंट्री हॅमचा तुकडा वापरला असेल, तर गोष्ट आणखी वेगळी. टेनेसी, केंटकी आणि व्हर्जिनियात हा हॅम कोरडे मीठ चोळून महिनोन्‌महिने टांगून ठेवतात. तो आधी पाण्यात भिजवून, ते पाणी टाकून मगच वापरावा लागतो. सणाच्या जेवणात उरलेल्या साध्या हॅमचे हाड त्यामानाने सौम्य असते, आणि माझ्या मते बीन्ससाठी त्याच्यासारखे दुसरे काही नाही. काहीही वापरले तरी हॉकचे पाणी दीड तासाने चाखून पाहा आणि मिठाचा निर्णय बीन्स शिजल्यानंतरच घ्या.

तूरडाळ (पुणे)

रानमोगरा यांच्याशी मी सहमत आहे, फक्त एक पुस्ती जोडतो, नाहीतर वाचणाऱ्यांचा गैरसमज होईल. मीठ शेवटी घालायचे ते केवळ चवीचा अंदाज यावा म्हणून. मिठामुळे कडधान्य शिजत नाही, ही आपल्याकडची आणि अमेरिकेतलीही जुनी समजूत आहे, आणि ती खरी नाही. उलट भिजवण्याच्या पाण्यात मीठ घातले तर साल मऊ होते. दाण्याच्या सालीतले पेक्टिन (पेशींना जोडून ठेवणारा पदार्थ) कॅल्शियम आणि मॅग्नेशियममुळे घट्ट बांधलेले असते. मिठाच्या पाण्यात सोडियम त्यांची काही प्रमाणात जागा घेते आणि ती बांधणी सैल होते. एक पौंड बीन्ससाठी चार लिटर पाणी आणि तीन मोठे चमचे मीठ हे प्रमाण चांगले चालते. रात्रभर भिजवून सकाळी ते पाणी टाकायचे आणि बीन्स स्वच्छ धुवून घ्यायचे; धुतले नाहीत तर तुमची तिसरी अडचण वाढेल.

काही दाणे फुटलेले आणि काही कच्चट असतील, तर दोन शंका येतात. एक, बीन्स जुने असावेत. उष्ण आणि दमट जागी फार काळ पडून राहिलेले कडधान्य कितीही शिजवले तरी नीट मऊ होत नाही. नवे-जुने दाणे एकत्र आले तर पातेल्यात दोन्ही प्रकार दिसतात. दुसरी शंका पाण्याची आहे. तुमच्याकडे नळाचे पाणी कोठून येते? जड पाण्यातले कॅल्शियम सालीतल्या पेक्टिनला आणखी घट्ट करते, आणि मग भिजवण्याचा निम्मा फायदा वाया जातो.

डोंगरवाट

दोघांचेही आभार. कंट्री हॅम मी वापरलेला नाही. हॉकच्या पाकिटावर मिठात मुरवून धुरी दिल्याचा उल्लेख आहे. बीन्सचे पाकीट दुकानातून नुकतेच आणलेले आहे, त्यामुळे ते माझ्या घरी तरी जुने झालेले नाही. पाण्याचा विचार मात्र मी केला नव्हता. आमच्या घराला बोअरचे पाणी आहे आणि हा सगळा परिसर चुनखडकाचा आहे. चहाच्या किटलीच्या तळाशी पांढरा थर इतक्या लवकर बसतो की व्हिनेगर घालून तो वारंवार काढावा लागतो.

तूरडाळ

मग किटलीनेच उत्तर दिले आहे. भिजवण्यासाठी आणि शिजवण्यासाठी, दोन्ही वेळा, दुकानात मिळणारे डिस्टिल्ड पाणी वापरून पाहा; फक्त भिजवायला चांगले पाणी घेऊन शिजवताना बोअरचे घातले तर फारसा उपयोग होणार नाही. ते शक्य नसेल तर एक पौंड बीन्सना पाव लहान चमचा खाण्याचा सोडा शिजवण्याच्या पाण्यात घाला. अल्कधर्मी पाण्यात पेक्टिन लवकर सुटते. प्रमाण मात्र वाढवू नका. सोडा जास्त झाला की रश्श्याला साबणासारखी चव येते आणि दाण्यांचा चोथा होतो.

मांडवीतीर (मडगाव)

मी अमेरिकेत कधी राहिलेलो नाही, परंतु डुकराचे मांस आणि बीन्स एकत्र शिजवण्याचा प्रश्न आमच्या घरी नेहमीचा आहे, म्हणून लिहितो. गोव्यातल्या ख्रिस्ती घरांत फेजोआद नावाचा पदार्थ होतो, त्यात राजमा किंवा आळसांदे आणि चोरिस, म्हणजे गोव्याचे सॉसेज, असते. चोरिसात व्हिनेगर भरपूर असते, आणि आंबट पदार्थ आधी पडला की कडधान्य शिजायचे थांबते. म्हणून आमच्याकडे दाणे आधी पूर्ण बोटचेपे शिजवून घेतात आणि त्यानंतरच ते चोरिसाबरोबर एकत्र करतात. तुमच्या हॉकमध्ये आंबटपणा नाही, त्यामुळे तो बीन्सच्या आधी घालणे योग्यच आहे. पण टोमॅटो, व्हिनेगर किंवा मिरचीचे आंबट सॉस घालण्याची इच्छा झाली, तर ते दाणे शिजल्यावर, शक्यतो ताटातच घालावे.

घाई असेल तर प्रेशर कुकरचाही उपयोग होतो, पण तिथेही दोन टप्पे करावे लागतात. हॉकला आधी अर्धा-पाऊण तास द्यावा, कुकर उघडून भिजलेले बीन्स घालावे, आणि पुन्हा दाब आल्यावर आठ-दहा मिनिटांनी आच बंद करून वाफ आपोआप जिरू द्यावी. वाफ एकदम सोडली तर दाणे फुटतात.

केळफूल (अटलांटा)

हा पदार्थ कामावर जाताना स्लो कुकरमध्ये लावून गेले तर चालेल का? सकाळी सुके बीन्स आणि हॉक टाकायचे आणि कमी आचेवर दिवसभर ठेवायचे, असा माझा विचार आहे.

तूरडाळ

कच्चे बीन्स थेट स्लो कुकरमध्ये घालू नका. राजम्याच्या जातीच्या सगळ्या बीन्समध्ये फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचे लेक्टिन (एक प्रकारचे प्रथिन) असते. तांबड्या राजम्यात ते सर्वांत जास्त आणि पांढऱ्यांत कमी असते, पण असते. ते नष्ट व्हायला पूर्ण उकळीचे तापमान लागते. कमी आचेवरच्या स्लो कुकरमध्ये ते तापमान गाठले जाईलच असे नाही, आणि अर्धवट तापवल्याने त्रास कमी होण्याऐवजी वाढू शकतो. उलट्या आणि जुलाब होतात. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाचा सल्ला असा आहे की बीन्स किमान पाच तास भिजवावेत, ते पाणी टाकावे आणि ताज्या पाण्यात निदान अर्धा तास उकळावेत. एवढे करून मग स्लो कुकरमध्ये घातले तर हरकत नाही.

रानमोगरा

डोंगरवाट, दाटपणाबद्दल आणखी एक गोष्ट राहिली. बीन्स पूर्ण शिजल्यावर डावभर दाणे पातेल्याच्या कडेला दाबून घोटा आणि झाकण काढून दहा-पंधरा मिनिटे मंद आचेवर राहू द्या. पीठ लावण्याची गरज पडत नाही. दाण्यांतला स्टार्च आणि हॉकमधले जिलेटिन मिळून रस्सा बांधतात. गार होताना तो आणखी घट्ट होतो, म्हणून चुलीवर असताना हवा त्यापेक्षा थोडा सैलच ठेवावा.

शिजले की नाही हे एका दाण्यावरून ठरवू नका. अर्धी वाट झाली का हे पाहण्यासाठी चमच्यात थोडे दाणे घेऊन हलकेच फुंकर घालतात; साल तडकून मागे वळली तर बीन्स निम्म्यावर आले असे समजावे. त्यानंतर पातेल्याच्या वेगवेगळ्या जागांतले चार-पाच दाणे खाऊन पाहावे आणि सगळे मऊ असतील तरच आच बंद करावी.

डोंगरवाट

सर्वांच्या सूचना एकत्र करून आज बीन्स केले, म्हणून कळवते. डिस्टिल्ड पाणी वापरले, भिजवताना मीठ घातले आणि सकाळी बीन्स नीट धुतले. हॉक आधी दीड तास शिजवले. त्या पाण्याची चव पाहिल्यावर लक्षात आले की वरून मीठ घालण्याचे काही कारणच नव्हते, आणि शेवटपर्यंत घातले नाही. बीन्स सव्वा तासात शिजले. एकही दाणा गणंग राहिला नाही, साल वेगळी जाणवली नाही, आणि हॉकचे हाड चिमट्याने उचलताच मांस मागे पातेल्यातच राहिले. घोटल्यावर रस्सा चमच्याला धरू लागला. खानावळीतल्या बीन्सला धुराचा वास यापेक्षा थोडा मंद असतो, त्यामुळे पुढच्या वेळी दोनऐवजी एकच हॉक घालणार आहे. मात्र त्याने जिलेटिन कमी पडेल का, हे मला सांगता येत नाही.

पाहुण्यांचा प्रश्न अजून शिल्लक आहे.

रानमोगरा

एक हॉक घेणार असाल तर पाणी पावणेदोन लिटरच्या वर जाऊ देऊ नका आणि दाणे थोडे जास्त घोटा, म्हणजे दाटपणा टिकेल. किंवा एक स्मोक्ड हॉक आणि एक धुरी न दिलेला ताजा हॉक घ्या. चिकटपणा तेवढाच राहील, धूर निम्मा होईल.

पाहुण्यांसाठी स्मोक्ड टर्कीचे पंख किंवा तंगडी घ्या. दक्षिणेत अनेक घरांत बीन्स आणि पालेभाज्या आता त्यावरच शिजतात, आणि दुकानात ते हॉकच्या शेजारीच ठेवलेले असते. तंगडीपेक्षा पंख बरे, कारण त्यांत कातडी व सांधे जास्त. टर्कीत चरबी कमी असते, म्हणून शेवटी लोण्याचा एक लहान गोळा सोडावा. पूर्ण शाकाहारी करायचे असेल तर कांदा लोण्यावर चांगला परतून घ्या, स्मोक्ड पॅप्रिका घाला, आणि बीन्स तयार झाल्यावर निखाऱ्यावर तूप सोडून आपण धुंगार देतो तसा पाच मिनिटे द्या. त्यात जिलेटिन नसल्यामुळे पाव भाग दाणे तरी घोटावे लागतील.

उरलेले बीन्स खोलगट पातेल्यात तसेच ठेवू नका; उथळ डब्यांत काढून दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये ठेवा. दुसऱ्या दिवशी ते जास्त चांगले लागतात, फक्त गरम करताना थोडे पाणी घालावे लागते. आणि कॉर्नब्रेड घरी करणार असाल तर ओतीव लोखंडी तवा भट्टीत आधी कडकडीत तापवून घ्या, ताकाचे पीठ मग ओता, आणि पिठात साखर घातली असेल तर ते शेजाऱ्यांना सांगू नका.