मदत हवी आहे : ऊसतोडीत सापडणारे बिबट्याचे बछडे

कराड तालुक्यातील आमच्या गावात ऊसतोडीच्या हंगामात फडात बिबट्याचे बछडे सापडतात, आणि वनविभागाचे लोक पोहोचेपर्यंत बघ्यांची गर्दी जमलेली असते. बछडे सापडल्या जागीच रात्री सुरक्षित ठेवल्यास मादी बहुधा त्यांना घेऊन जाते, हे आम्हांला ठाऊक आहे; वनविभागाचा १९२६ हा मदत क्रमांकही टोळ्यांना देणार आहोत. खरी अडचण अशी, की तोड थांबली की टोळीची मजुरी बुडते, ट्रॅक्टर रिकामा उभा राहतो आणि मुकादम घाई करतो (त्याचेही फारसे चुकत नाही). शिराळा, वाळवा किंवा जुन्नर भागात अशा वेळी टोळीला लगेच दुसरा फड देण्याची व्यवस्था कारखान्याशी बोलून कोणी केली आहे का? असल्यास कोणामार्फत, हे कृपया सविस्तर कळवावे.