कलाकारांवर डॉक्युमेंटरी करून पोट भरतं का? (कोल्हापूर)

रंकाळावाला:
वय २६, लग्नाची शूटिंगं करतो, कॅमेरा स्वतःचा. शाहूपुरीतल्या एका जुन्या बोर्ड पेंटरवर छोटी फिल्म केली, ती लोकांना आवडली. आता चित्रकार, शिल्पकार, गवई यांच्यावरच काम करावं असं डोक्यात बसलंय. घरचे म्हणतात, सीझन बुडवू नको. पुढचा विषय कोल्हापूरचे जुने चित्रकार आबालाल रहिमान. पण त्यांची चित्रंच थोडी उरलीत, मग दाखवू काय?

खरी कॉर्नरचा म्हातारा:
घरचे बरोबर बोलतात गड्या. मी आयुष्यभर लग्नं आणि साखर कारखान्यांच्या सभा शूट केल्या, त्याच पैशावर माझ्या फिल्म झाल्या. डॉक्युमेंटरी काढणारी सरकारी फिल्म्स डिव्हिजनसुद्धा २०२२ ला एनएफडीसीत, म्हणजे सरकारच्या चित्रपट महामंडळात, गेली.

पण घाई करू नको. सत्यजित राय यांनी चित्रकार बिनोदबिहारी मुखर्जींवर १९७२ ला फिल्म केली, वीसेक मिनिटांची. आणि राय मुखर्जींच्या हाताखाली शिकले होते १९४० च्या सुमाराला, शांतिनिकेतनात! मधल्या काळात मास्तरांची दृष्टी गेली, तरी हात चालूच होता. एवढी जुनी ओळख असली की काय विचारायचं नाही तेही कळतं. तुझ्या बोर्ड पेंटरकडं अजून जातोस का?

आबालालांचं म्हणशील तर चित्रं उरली नाहीत हाच विषय. १९२२ ला त्यांचे आश्रयदाते शाहू महाराज गेले तेव्हा आबालालांनी आपली चित्रं कोटितीर्थ तळ्यात सोडली असं सांगतात. सांगतात, एवढंच म्हण. निवेदकाला "त्या रात्री" वगैरे म्हणायला लावू नको. उरलेल्या निसर्गचित्रांतल्या जागा शोध, चित्रातला उजेड येईपर्यंत तिथं बसून राहा. ड्रोन मात्र घरी ठेव.

मंगळवार पेठ:
माझे वडील चित्रकार. एकदा शूटिंगवाले आले, तासभर लाइट लावले आणि म्हणाले, "काका, रंगवल्यासारखं करा." बाबांनी कोरडा ब्रश कॅनव्हासवर फिरवला. फिल्ममध्ये तोच शॉट तीनदा आहे, वर सतार. बाबा काम करताना रेडिओवर बातम्या लावतात.

खरी कॉर्नरचा म्हातारा:
ताई, सतार सगळीकडं असते! क्लूझो नावाच्या फ्रेंच दिग्दर्शकानं १९५६ च्या फिल्ममध्ये पिकासोला शाई पलीकडं झिरपेल अशा कागदावर काढायला लावलं आणि कॅमेरा मागं ठेवला. हात दिसत नाही, नुसती रेघ वाढत जाते. आपल्याकडं आधी बायोडाटा, मग सत्काराचे फोटो, शेवटी कुठंतरी चित्र.

रंकाळावाला:
पेंटरकाकांकडं उद्याच जातो. आबालालांची चित्रं दाखवायला परवानगी कुणाची?

खरी कॉर्नरचा म्हातारा:
आबालाल १९३१ ला वारले. चित्रकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षांनी कॉपीराइट संपतो, त्यामुळं तिथं अडचण नाही. चित्र ज्यांच्याकडं आहे त्यांची शूटिंगची परवानगी मात्र लेखी घे. अलीकडच्या चित्रकाराचं असेल तर वारसांचीही घे, कारण चित्र विकत घेणाऱ्याला सहसा कॉपीराइट मिळत नाही. आणि काचेमागचं चित्र असेल तर पोलरायझर, म्हणजे चकाकी कमी करणारा फिल्टर, ने आणि कॅमेरा जरा तिरका धर, समोरून धरलास तर त्यात तूच दिसशील.