फेलिक्सची शेपटी
असं म्हणतात की १९२८ ला मिकी माउसच्या 'स्टीमबोट विली' या बोलपटाबरोबर आवाज आला तेव्हा कुठे कार्टूनमध्ये खरा विनोद आला, त्याआधी नुसत्या हलत्या रेघा. हलत्या रेघांचं अगदी सुरुवातीच्या काळापुरतं मान्य. फ्रेंच चित्रकार एमिल कोलचं १९०८ चं कार्टून 'फँटास्मागोरी' जेमतेम दीड-दोन मिनिटांचं, त्यात रेघांची रूपं बदलत राहतात आणि गोष्ट अशी नाहीच. पण मूकपटांच्या काळातल्या कार्टूनमधल्या फेलिक्स बोक्याला त्याच पंगतीत बसवणं पटलं नाही.

फेलिक्स पडद्यावर आला १९१९ मध्ये. श्रेयनामावलीत नाव स्टुडिओमालक पॅट सुलिव्हनचं, बोका हलवणारा मात्र ऑटो मेसमर. (हा न्याय आपल्याला नवा नाही म्हणा!) या मेसमरने आधी चार्ली चॅप्लिनवर कार्टूनपट केले होते आणि त्यासाठी चॅप्लिनचे हावभाव बारकाईने टिपले होते. हात मागे बांधून, मान खाली घालून येरझाऱ्या घालणारा फेलिक्स बघा, म्हणजे ती तालीम कुठे कामी आली ते कळेल. तो विनोद चालण्यातला आणि विचार करण्यातला आहे, त्याला आवाज कशाला हवा? शिवाय त्याची शेपटी! प्रश्न पडला की तिचंच प्रश्नचिन्ह होतं, आणि गरज पडली की तीच काढून हत्यारासारखी वापरायची. अंगाचा काळा रंगही सोयीचा: बाह्यरेषा काढत बसायचे कष्ट वाचतात आणि ठोस काळा आकार पडद्यावर हलताना उठून दिसतो.

माझ्या सहा वर्षांच्या भाच्याला मी फेलिक्सचं कार्टून आवाज बंद करून दाखवलं. शेपटीला तो खिदळला, पडद्यावर येणाऱ्या मजकुराच्या पाट्या वाचताही येत नव्हत्या तरी.