विक्रांत, वाफ आणि वारा

युद्धकाळात विमानवाहू नौकेवर खरं काम वैमानिकांचं, बाकीचे नुसते वाट बघणारे, हे मत काही पटलं नाही. 1971 च्या भारत-पाक युद्धातली आपल्या नौदलाची विमानवाहू नौका विक्रांतच घ्या. तिच्या चार बॉयलरांपैकी एकाला तडे गेलेले, त्यामुळे वेगाला मर्यादा. विमान उडवायचं तर जहाजाने वाऱ्याकडे तोंड करून जोरात धावावं लागतं. त्यात विमानाला पुढे फेकणाऱ्या कॅटापल्टलाही वाफ लागते, आणि ती येणार त्याच बॉयलरांतून! वारा पडला की सगळा भार खाली इंजिनरूममध्ये घामाने निथळणाऱ्यांवर. वर दिवस आहे की रात्र, हे त्यांना घड्याळ बघूनच कळायचं.

4 डिसेंबरला विक्रांतवरच्या सी हॉक विमानांनी तेव्हाच्या पूर्व पाकिस्तानातल्या कॉक्स बझार आणि चितगाववर हल्ले केले, ते सर्वांना माहीत असतं. तिच्यावरच्याच अलिझे विमानांबद्दल कुणी फारसं बोलत नाही. ही पंख्याची, तिघांनी चालवायची विमानं, रात्रीची कामगिरी बरीचशी त्यांच्याकडे. अंधारात उतरताना शेपटीकडचा हुक डेकवर आडव्या ताणलेल्या तारेत अडकला तर ठीक, नाहीतर पुन्हा वर जाऊन घिरटी. खालच्या डेकवाल्यांचे कान तेवढ्यासाठी छताकडे लागलेले असणार.

आणि हो, 1965 च्या युद्धात विक्रांत दुरुस्तीसाठी गोदीत होती. त्यामुळे 71 मध्ये बॉयलर कसाही असो, तिने जायचंच, ही नौदलातली ईर्ष्या समजण्यासारखी आहे.