रेड नोटीस निघाली, तरी आरोपी हाती का लागत नाही?

ओसरी

एखादा मोठा आर्थिक गुन्हेगार परदेशी पळाला की काही महिन्यांनी ‘इंटरपोलकडून रेड नोटीस जारी’ अशी ठळक बातमी येते, आणि सर्वसामान्य वाचकाची समजूत अशी होते की, आता हा इसम जगाच्या पाठीवर कोठल्याही विमानतळावर उतरला तरी तेथील पोलीस त्याला बेड्या घालून मुंबईच्या विमानात बसवतील. प्रत्यक्षात वर्षे उलटतात. नीरव मोदी याला लंडनमध्ये मार्च २०१९ मध्ये अटक झाली, फेब्रुवारी २०२१ मध्ये तेथील कनिष्ठ न्यायालयाने प्रत्यार्पणाच्या, म्हणजे त्याला भारताच्या स्वाधीन करण्याच्या, बाजूने निकाल दिला, डिसेंबर २०२२ मध्ये ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयात जाण्याची परवानगीही नाकारली गेली, आणि तरीही तो लगोलग परत आला नाही.

मला तीन गोष्टी समजून घ्यायच्या आहेत. रेड नोटिशीला नेमका कायदेशीर अर्थ काय आहे? आपले पोलीस परदेशात जाऊन एखाद्याला ताब्यात घेऊ शकतात काय? आणि विलंब होतो तो पोलिसांमुळे, न्यायालयांमुळे की राजकारणामुळे? जाणकारांनी कृपया सविस्तर लिहावे. ‘सगळे मिळालेले असतात’ हे उत्तर मला घरीच मिळाले आहे.

निवृत्त फौजदार

आपल्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर आधी देतो, कारण ते सोपे आहे: नाही. पोलिसाचा अधिकार त्याच्या देशाच्या हद्दीपाशी संपतो. आपला अधिकारी लंडनला किंवा दुबईला गेलाच तर तो माहिती देण्यासाठी, न्यायालयात कागदपत्रे दाखवण्यासाठी किंवा शेवटी आरोपीचा ताबा घेण्यासाठी जातो. तेथे अटक करायची ती तेथल्याच पोलिसांनी. चित्रपटांमुळे इंटरपोलचे म्हणून कोणी सशस्त्र अधिकारी देशोदेशी धाडी घालत फिरतात असे लोकांना वाटते. फ्रान्समधील ल्याँ येथे मुख्यालय असलेली ही संघटना १९६ देशांच्या पोलिसांना एकमेकांशी जोडणारी यंत्रणा आहे. तिला स्वतःला कोणालाही अटक करण्याचा अधिकार नाही. भारत १९४९ पासून तिचा सदस्य आहे आणि आपल्याकडून तिच्याशी व्यवहार करण्याचे काम दिल्लीत सीबीआयकडे आहे.

रेड नोटीस म्हणजे ‘हा इसम आम्हाला हवा आहे, आमच्या न्यायालयाचे वॉरंट त्याच्यावर आहे, तो सापडल्यास तुमच्या कायद्याप्रमाणे त्याला तात्पुरते अडकवून ठेवा, प्रत्यार्पणाची मागणी मागाहून येते’ अशी सदस्य देशांना केलेली विनंती. तिला किती वजन द्यायचे हे प्रत्येक देश आपापल्या कायद्याने ठरवतो. काही देश तिच्या आधारावर लगेच अटक करतात, तर अमेरिकेत केवळ नोटिशीवर अटक होत नाही. वर्तमानपत्रे जिची नेहमी हिच्याशी गल्लत करतात ती लुकआउट नोटीस अगदी वेगळी: ती आपल्याच विमानतळांवरील इमिग्रेशनला दिलेली सूचना असते आणि पक्षी उडण्याआधी उपयोगी पडते. ती वेळेवर निघाली असती तर पुढचा निम्मा खटाटोप वाचला असता, अशी प्रकरणे थोडी नाहीत.

आता कामाची पद्धत सांगतो. तपासी अधिकारी प्रस्ताव तयार करतो. तो वरिष्ठांमार्फत राज्याच्या संपर्क अधिकाऱ्याकडे आणि तेथून सीबीआयकडे जातो. गुन्ह्याला किमान दोन वर्षांपर्यंतच्या शिक्षेची तरतूद असावी लागते, न्यायालयाचे वॉरंट लागते, ओळख पटेल इतका तपशील लागतो. पूर्वी हा पत्रव्यवहार टपाल, फॅक्स आणि ईमेलवर चालत असे. जानेवारी २०२५ मध्ये ‘भारतपोल’ हे पोर्टल सुरू झाल्यापासून राज्यांचे पोलीस सीबीआयशी थेट त्यावरून जोडले गेले आहेत. पोर्टलने वेग येतो, परंतु कागदातील दोष पोर्टल दुरुस्त करत नाही. माझ्या नोकरीत एक प्रस्ताव केवळ एवढ्यासाठी परत आला होता की, वॉरंटात आरोपीच्या वडिलांचे नाव एका प्रकारे लिहिले होते, पासपोर्टवर दुसऱ्या प्रकारे, आणि फिर्यादीत तर वडिलांच्या जागी काकांचे नाव होते. हे दुरुस्त करून घेण्यासाठी पुन्हा न्यायालयात अर्ज, पुन्हा तारीख. तोवर आरोपीने देश बदलला होता.

पागोळी वकील

फौजदारसाहेबांनी पाया घातला आहे, मी त्यावर कायद्याची बाजू मांडतो. रेड नोटीस हा या प्रकरणाचा गाभाच नव्हे, याचा सर्वांत चांगला पुरावा नीरव मोदीचा मामा आणि सहआरोपी मेहुल चोक्सी याचे प्रकरण आहे. त्याच्यावरील रेड नोटीस इंटरपोलने आपल्या यादीतून काढून टाकल्याचे २०२३ मध्ये उघड झाले आणि येथे मोठा गदारोळ झाला. परंतु एप्रिल २०२५ मध्ये बेल्जियमने त्याला अटक केली ती भारताने थेट केलेल्या प्रत्यार्पणाच्या विनंतीवरून. खरे काम करतो तो दोन राष्ट्रांमधील करार आणि मागणीसोबतचे पुराव्याचे बाड.

प्रत्यार्पणाच्या मागणीची छाननी तेथील न्यायालय काही ठरावीक कसोट्यांवर करते. ज्या कृत्यासाठी आपण माणूस मागतो ते कृत्य त्यांच्याही कायद्याने गुन्हा असले पाहिजे. गुन्हा राजकीय स्वरूपाचा नसावा. त्याच कृत्यासाठी त्या माणसावर आधीच खटला चालून निकाल लागलेला नसावा. तहव्वूर राणा याने अमेरिकेत हाच बचाव घेतला होता, कारण शिकागोतील ज्यूरीने २०११ मध्ये मुंबई हल्ल्याच्या आरोपातून त्याला मुक्त केले होते. भारताच्या विनंतीवरून २०२० मध्ये तो पकडला गेला आणि एप्रिल २०२५ मध्ये भारतात आला. म्हणजे मैत्रीचे संबंध, १९९७ चा प्रत्यार्पण करार आणि दहशतवादाचा आरोप, एवढे सगळे असूनही जवळपास पाच वर्षे.

चौथी कसोटी सर्वांत महत्त्वाची आणि आपल्याकडे सर्वांत कमी समजून घेतलेली आहे. ज्या गुन्ह्यांसाठी माणूस मागितला, त्यांच्यासाठीच त्याच्यावर खटला चालवायचा; तो हाती आल्यावर नवी कलमे लावायची नाहीत. आपल्या १९६२ च्या प्रत्यार्पण कायद्याच्या कलम २१ मध्येही हे बंधन आहे. १९९३ च्या मुंबई बॉम्बस्फोटांतील आरोपी अबू सालेम सप्टेंबर २००२ मध्ये पोर्तुगालमधील लिस्बनला पकडला गेला तेव्हा भारत आणि पोर्तुगाल यांच्यात प्रत्यार्पणाचा करारच नव्हता. तो २००७ मध्ये झाला. त्यामुळे तत्कालीन उपपंतप्रधान लालकृष्ण अडवाणी यांना डिसेंबर २००२ मध्ये लेखी हमी द्यावी लागली की, त्याला फाशी दिली जाणार नाही आणि २५ वर्षांहून अधिक काळ तुरुंगात ठेवले जाणार नाही. त्या हमीवर तो नोव्हेंबर २००५ मध्ये मुंबईत आणला गेला. पुढे त्याच्यावर जादा कलमे लावली गेली, तेव्हा पोर्तुगालमधील न्यायालयाने २०११ मध्ये अटींचा भंग झाल्याचे सांगून प्रत्यार्पणच रद्द ठरवले. माणूस येथे होता म्हणून तो येथेच राहिला, परंतु सीबीआयला काही कलमे मागे घेण्यासाठी आपल्या सर्वोच्च न्यायालयात जावे लागले.

दहशतवादविरोधी ‘टाडा’ कायद्याखालील विशेष न्यायालयाने २०१७ मध्ये त्याला १९९३ च्या बॉम्बस्फोटांसाठी जन्मठेप दिली, तेव्हा ‘फाशी का नाही’ असा सूर उमटला होता. त्याचे उत्तर त्या २००२ च्या पत्रात होते. सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०२२ मध्ये सांगितले की, न्यायालय स्वतः त्या हमीने बांधलेले नसले तरी केंद्र सरकार बांधलेले आहे आणि २५ वर्षे पूर्ण झाल्यावर सरकारने राष्ट्रपतींना त्याप्रमाणे सल्ला दिला पाहिजे. माझ्या मते हा निकाल योग्यच होता. आज दिलेला शब्द मोडला, तर उद्याच्या आरोपीसाठी दुसरा कोणताही देश आपल्या पत्राला कवडीची किंमत देणार नाही.

मांडवीतीर

गोव्याच्या वाचकाला या विषयात चार्ल्स शोभराज आठवल्याशिवाय राहत नाही. तिहारमधून पळालेल्या या इसमाला एप्रिल १९८६ मध्ये पर्वरीच्या एका उपाहारगृहात मुंबई पोलिसांचे मधुकर झेंडे यांनी पकडले. त्यांनी त्याला १९७१ मध्येही पकडले होते. लोक झेंडे यांच्या कौशल्याची गोष्ट सांगतात आणि ती सांगण्यासारखीच आहे. परंतु तिची दुसरी बाजू अशी की, थायलंडला तो खुनाच्या आरोपांसाठी हवा होता, तेथे त्याला मृत्युदंडाची भीती होती आणि तेथील खटल्याला वीस वर्षांची मुदत होती. पळून जाण्याच्या गुन्ह्यामुळे त्याचा भारतातील तुरुंगवास लांबला, १९९७ मध्ये तो सुटला तोवर थायलंडची मुदत उलटून गेली होती आणि तो सुखरूप फ्रान्सला गेला. पकडणारे चोख होते. दोन देशांची न्यायव्यवस्था आपापल्या घड्याळाने चालत होती, त्याचा फायदा त्याने घेतला.

थेम्सकाठ

मी लंडनमध्ये राहतो आणि येथील न्यायालयांत या प्रकरणांची सुनावणी होते तेव्हा वादाचा मोठा भाग कोठे खर्ची पडतो हे सांगितले पाहिजे, कारण ते ऐकून आपल्याला आश्चर्य वाटेल. तो आर्थर रोड कारागृहातील बराक क्रमांक १२ वर खर्ची पडतो. विजय मल्ल्या याच्या प्रकरणात २०१८ मध्ये न्यायाधीशांनी त्या बराकीचे चित्रीकरण मागवले आणि तेही भर दुपारचे, विजेचा दिवा न लावता केलेले, म्हणजे खिडकीतून खरोखर किती उजेड येतो ते कळावे. चोक्सीच्या प्रकरणात भारताने बेल्जियमला हमी दिली ती दर कैद्यामागे, सामानसुमान वगळून, किमान तीन चौरस मीटर मोकळ्या जागेची. इतर बराकींत त्यांच्या क्षमतेहून कितीतरी अधिक कैदी दाटीवाटीने झोपतात आणि परदेशी न्यायाधीशांना दाखवण्यासाठी एक बराक नीटनेटकी ठेवली जाते, हे मला व्यक्तिशः टोचते. पण तो निराळा विषय आहे.

दुसरी बाजूही मांडतो. रेड नोटिशीला सर्वत्र आपोआप अटकेचे बळ असावे असे ज्यांना वाटते, त्यांनी हकीम अल-अरैबी या बहारीनी फुटबॉलपटूचे प्रकरण आठवावे. ऑस्ट्रेलियाने ज्याला निर्वासित म्हणून आश्रय दिला होता असा हा तरुण नोव्हेंबर २०१८ मध्ये पत्नीसह बँकॉकला उतरला आणि बहारीनच्या मागणीवरून निघालेल्या रेड नोटिशीमुळे विमानतळावरच अडकवला गेला. ज्या सरकारपासून पळाला त्याच सरकारच्या विनंतीवर नोटीस काढता येत नाही असा इंटरपोलचा स्वतःचा नियम आहे, म्हणून ती काही दिवसांत मागे घेतली गेली. तरीही तो फेब्रुवारी २०१९ पर्यंत थायलंडच्या कोठडीत होता. संघटनेच्या घटनेतील कलम ३ राजकीय, लष्करी, धार्मिक किंवा वांशिक स्वरूपाच्या प्रकरणांत हस्तक्षेपाला मनाई करते ते याचसाठी. आपल्या विनंत्यांना तेथे प्रश्न विचारले जातात तेव्हा अपमान वाटतो, पण हीच चाळणी उद्या आपल्यापैकी कोणाला वाचवू शकते.

ओसरी

सर्वांचे आभार. एक उपप्रश्न. परदेशाचे राहू द्या. आपल्याच देशात दुसऱ्या राज्यात जाऊन आरोपी आणताना पोलिसांना एवढ्या अडचणी का येतात? माझ्या शेजारच्या काकूंना ‘केवायसी’च्या नावाखाली फसवणाऱ्याचा ठावठिकाणा झारखंडात लागला, आणि पथक पाठवायलाच कित्येक आठवडे गेले.

निवृत्त फौजदार

हा प्रश्न मला परदेशाहूनही जवळचा वाटतो. कायद्याने आमचा पोलीस देशात कोठेही आरोपीचा पाठलाग करू शकतो, परंतु व्यवहारात परराज्यात गेलेले पथक आधी स्थानिक ठाण्यात जाते, आगमनाची नोंद स्टेशन डायरीत करवून घेते आणि मदतीला दोन स्थानिक अंमलदार मागते. ते लगेच मिळतीलच असे नाही. कधी तेथे बंदोबस्त असतो, कधी जत्रा, आणि कधी बातमी आमच्या आधी आरोपीच्या घरी पोहोचलेली असते. अटक केल्यावर चोवीस तासांच्या आत त्याला जवळच्या दंडाधिकाऱ्यांपुढे उभे करून ट्रान्झिट रिमांड, म्हणजे त्याला आपल्या राज्यात नेण्याची परवानगी, घ्यावा लागतो, त्याआधी वैद्यकीय तपासणी, नातेवाइकांना कळवल्याची सही. मग आरक्षण नसलेल्या रेल्वेने, आरोपीला खिडकीपासून दूर बसवून, तीस-पस्तीस तासांचा प्रवास. सोबतच्या शिपायांनी आळीपाळीने जागायचे. खर्च आधी स्वतःच्या खिशातून होतो आणि बिल मंजूर व्हायला वर्ष लागते, म्हणून लहान रकमेच्या गुन्ह्यात पथक पाठवायला वरिष्ठ नाखूश असतात. काकूंना सांगा की, अशा वेळी पहिल्या तासात १९३० या क्रमांकावर तक्रार केली तर पैसे पुढच्या खात्यात जाण्याआधी गोठवता येण्याची शक्यता असते. आरोपी पकडला जाणे ही पुढची गोष्ट.

पागोळी वकील

यातच मूळ प्रश्नाचेही उत्तर आहे असे मी म्हणेन. परदेशी न्यायालयात आरोपीचे महागडे वकील आपल्या देशाच्या मोठेपणावर बोलत नाहीत. ते पंचनाम्यावरील वेळ आणि स्टेशन डायरीतील वेळ ताडून पाहतात, एकाच मजकुराचे चार जबाब स्वल्पविरामासकट सारखे कसे हे विचारतात, आणि पंच प्रत्येक प्रकरणात तोच तो का असतो हे शोधतात. येथे अशा गोष्टी खपून जातात, कारण खटला उभा राहीपर्यंत दहा वर्षे गेलेली असतात आणि तोवर पंच फुटलेला असतो. तेथे त्या पहिल्याच सुनावणीत उघड्या पडतात. एरवी चांगल्या असलेल्या प्रकरणाची मागणीसुद्धा अशा ढिसाळ कागदामुळे वर्षभर लांबते.

नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५६ मुळे घोषित फरारी आरोपीवर त्याच्या गैरहजेरीत खटला चालवता येतो: लागोपाठ दोन वॉरंटे, त्यांत किमान तीस दिवसांचे अंतर, दोषारोप निश्चितीनंतर नव्वद दिवस, असे टप्पे आहेत. काही जणांना हा रामबाण उपाय वाटतो. मला शंका आहे. युरोपातील न्यायालये गैरहजेरीत झालेल्या शिक्षेकडे संशयाने पाहतात आणि पुन्हा सुनावणीची हमी मागतात, म्हणजे एक पत्र वाचवायला जाऊन दुसरे लिहावे लागण्याची शक्यता आहे. आणि पत्र लिहिले की ते पाळावे लागते. शिक्षेतील सूट धरून आपली २५ वर्षे भरली, हा सालेमचा दावा २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयापुढे आला, आणि भारतातील खटल्यासाठीची त्याची अटक धरली जाते त्या ऑक्टोबर २००५ पासून मोजता ती प्रथमदर्शनी भरलेली दिसत नाहीत असे न्यायालयाने म्हटले. सूट त्या २५ वर्षांत धरायची की नाही, हे अडवाणींच्या पत्रात कोणी लिहून ठेवले नव्हते.